चूळ भरायची राहून गेली

ती. ताईस,

धाकट्याचा साष्टांग नमस्कार. एरवी साष्टांग आपण नुसता लिहितो, पण या वेळी मी खरोखरच पलंगावर पालथा पडून, पोटाखाली उशी दाबून लिहितो आहे, तेव्हा आठपैकी निदान सहा अंगं जागच्या जागी टेकली आहेत असं समज. तुझा गुडघा कसा आहे? जिना सावकाश चढायचा असं डॉक्टरांनी बजावलं होतं, ते पाळतेस की नियम फक्त आम्हाला सांगण्यापुरते? भावोजींची नवी कवळी बसली का? (त्यांना म्हणावं, पहिले काही दिवस ती परक्यासारखी वागते आणि मग घरच्यांसारखी चावायला लागते. हे अनुभवाने नाही, धंद्याने सांगतो आहे.) इकडे आम्ही सर्व खुशाल आहोत. म्हणजे तुझी भावजय खुशाल आहे. माझं आणि तुझ्या भाचीचं, मुंगीचं, पोट सोडलं तर आम्ही दोघंही खुशाल आहोत.

आता तू म्हणशील, हातात फोन असताना हा पत्र कशाला लिहितोय. त्याचं कारण असं, की फोनवर तू मध्येच 'मग?' म्हणतेस. तुझ्या त्या 'मग?' पुढे लहानपणापासून माझी एकही थाप टिकलेली नाही. पत्रात निदान माझ्या चालीने पुढे सरकता येतं, मध्ये थांबून छताकडे बघता येतं, आणि तू वाचत असताना तुझा चेहरा मला दिसत नाही. शिवाय ही हकीकत तुला दुसऱ्या कुणाकडून कळायच्या आत माझ्याकडून कळावी, एवढी लाज मला अजून शिल्लक आहे. भावोजींच्या शब्दावर ही नोकरी मिळाली. त्यांच्या शब्दाचं मी काय केलं ते आता सांगतो.

माझं काम तुला ठाऊक आहेच, पण तू ते चारचौघांत सांगताना 'आमचा धाकटा दातांच्या क्षेत्रात आहे' असं सांगतेस आणि लोकांना मी डॉक्टर वाटतो, म्हणून एकदा नीट लिहून टाकतो. मी टूथपेस्टच्या कंपनीतर्फे शाळाशाळांतून जातो आणि मुलांना दात कसे घासायचे ते करून दाखवतो. माझ्याकडे प्लॅस्टिकचा एक जबडा आहे, टरबुजाएवढा. तो उघडतो, मिटतो, आणि बसमध्ये मांडीवर घेऊन बसलं की शेजारची जागा रिकामी राहते. (तुझी भावजय त्याला सवत म्हणते. कपाटावर त्याची जागा ठरलेली आहे आणि आठवड्यातून एकदा तीच तो पुसते, ही गोष्ट वेगळी.) आधी जबड्यावर दाखवायचं, मग स्वतःच्या तोंडात ब्रश घालून दाखवायचं, मुलांनी माझ्याबरोबर घासायचं, शेवटी सगळ्यांनी थुंकून चुळा भरायच्या आणि मुलांनी 'दातवाले काका, दातवाले काका' करत मागे लागायचं. मुलं मला मान देतात, ताई. मोठ्या माणसांत मला कुठे फारसा मिळत नाही, म्हणून हा मान मी जपून वापरत आलो.

यात एकच अडचण होती, आणि ती आजवर कुणाच्या लक्षात आली नव्हती. मला लोकांसमोर थुंकता येत नाही. आता हे वाचून भुवया वर करू नकोस, कारण ती अडचण तू दिलेली आहेस. आईच्या मागे तू मला वाढवलंस, न्हाऊमाखू घातलंस, अभ्यास घेतलास, सगळं मान्य. पण तुझे बाकीचे नियम कालांतराने माझ्या अंगावरून गळून पडले आणि 'माणसांसमोर थुंकायचं नाही' हा एकच हाडात राहिला. घरीसुद्धा मी न्हाणीघराचं दार लावतो, नळ मोठा सोडतो आणि मग चूळ भरतो. इतक्या वर्षांच्या संसारात तुझ्या भावजयीने माझ्या चुळेचा आवाज ऐकलेला नाही. शाळांमधून निभावून जायचं, कारण कार्यक्रम पटांगणात, नळांच्या रांगेपाशी असायचा. सगळ्यांच्या तोंडात फेस झाला की मी हाताने नळांकडे खूण करायचो, पोरं तिकडे धावायची, आणि त्या गडबडीत मी भिंतीच्या पलीकडे जाऊन आपलं काम उरकून यायचो. माणसाला पोहता येत नसेल तर तो काठाकाठाने आयुष्य काढतो, तसं माझं चाललं होतं.

गेल्या आठवड्यात गुरुवारी मात्र काठ संपला. शाळा मुंगीची होती. पटांगणात पाइप टाकायला खोदून ठेवलेलं, म्हणून कार्यक्रम सभागृहात. मुंगीने आठवडाभर आधीपासून वर्गात सांगून ठेवलं होतं की दातवाले काका म्हणजे माझे बाबा. सकाळी तिने माझा शर्ट स्वतः निवडला, भांग स्वतः पाडला, आणि जबडा उचलून बसपर्यंत तीच घेऊन आली. मी फार खुशीत होतो. खुशीत असलो की मी नियोजन करत नाही, हे तुला माहीत आहे.

सभागृहात शाळाभर मुलं मांडी घालून बसलेली, प्रत्येकाच्या हातात कंपनीचा ब्रश आणि छोटी ट्यूब, दर रांगेच्या टोकाला एक बादली. व्यवस्था चोख होती. मंचावर माझ्यासाठी शिपायाने एक छान पितळी घंगाळ आणून ठेवलं होतं. पण ते रिकामं दिसतंय म्हणून चित्रकलेच्या बाईंनी त्यात पाणी भरून वर फुलं सोडली होती. तरंगती, रंगसंगती साधून. मागे ओळीने शिक्षकवर्ग, मध्ये मोठ्या बाई, म्हणजे मुख्याध्यापिका. मोठ्या बाई कधी रागावत नाहीत असं ऐकलं होतं. त्या नुसत्या बघतात. वयाने तुझ्याएवढ्या, आणि चष्मा नाकाच्या शेंड्यावर ठेवून वरून बघण्याची रीतही हुबेहूब तुझी. हे मला आधी कळलं असतं तर मी त्या दिवशी आजारी पडलो असतो, आणि आता पडलोय त्यापेक्षा ते पुष्कळ स्वस्तात झालं असतं.

सुरुवात झकास झाली. जबडा उघडला तेव्हा पहिलीची पोरं किंचाळली, मिटला तेव्हा हसली. मी दरडावून सांगितलं की आता मी करतो तसंच, अगदी तसंच करायचं, मी केल्याशिवाय आपल्या मनाने कुणी काही करायचं नाही. (हे वाक्य मी दर शाळेत म्हणतो. गुरुवारी ते जरा जास्तच ठणकावून म्हणालो, कारण चौथीच्या रांगेतून मुंगी बघत होती.) ब्रशवर पेस्ट घेतली. खरं तर मुलांना वाटाण्याएवढी पेस्ट पुरते, अगदी तान्ह्यांना तांदळाच्या दाण्याएवढी, पण कंपनीचा आग्रह असा की या टोकापासून त्या टोकापर्यंत लाटेसारखी दिसली पाहिजे. मी लाट काढली, मुलांनी लाटा काढल्या. वर, खाली, गोल गोल, मागच्या दाढा. तोंडात फेस मावेनासा झाला. आणि मी थुंकायला वळलो, तर समोर फुलं.

ताई, त्या क्षणी मला काय काय सुचायला हवं होतं याची यादी मी तेव्हापासून करतो आहे. फुलं बाजूला सारता आली असती. खाली उतरून बादली गाठता आली असती. नुसतं हाताने बादल्यांकडे बोट दाखवलं असतं तरी पोरांनी काम फत्ते केलं असतं. पण मी मान वर केली आणि मोठ्या बाईंनी चष्म्यावरून माझ्याकडे बघितलं, आणि मी एकदम सात वर्षांचा झालो. मी गिळलं. सगळंच्या सगळं, एका दमात. आणि वर, सवयीने, दात दाखवून सभागृहाकडे हसलो.

मी तोंड उघडून 'थांबा' म्हणणार, तोवर आवाज आला. एवढ्या मुलांनी एकदम गिळल्याचा आवाज तू कधी ऐकला नसशील. तसा आवाज पुन्हा माझ्या कानी पडू नये एवढीच प्रार्थना आहे. मग त्या सगळ्यांनी माझ्यासारखे दात दाखवले. माझ्या कारकिर्दीत इतकं बिनचूक अनुकरण कुठल्याही शाळेने केलेलं नाही.

इथे तरी शहाण्या माणसाने कबूल करावं की नाही? मी केलं नाही. मला वाटलं, झाकली मूठ सव्वा लाखाची. शिक्षकांसाठी कंपनीने या वेळी माउथवॉश दिला होता, मोठ्या माणसांचा, झणझणीत. तो वाटायचा होता. प्रत्येकाच्या हातात टोपणभर दिला, मी खुळखुळवला, त्यांनी खुळखुळवला, आणि माझ्या लक्षात आलं की घंगाळात अजून फुलंच आहेत. पुढचं काय सांगू? मी तोही गिळला. शिक्षकवर्गाने एकमेकांकडे पाहिलं, मोठ्या बाईंकडे पाहिलं, आणि सुशिक्षित माणसं भिडेपोटी जे करतात ते केलं. मोठ्या बाईंनी डोळे मिटून गिळला आणि, जरा तिखट आहे पण घसा मोकळा झाला, असा अभिप्राय दिला. आभारप्रदर्शन झालं. मला फुलं मिळाली, त्याच घंगाळातली.

मधल्या सुट्टीच्या सुमाराला पहिलीतल्या एका पोराने पोट धरलं. मग त्याच्या शेजारच्याने. मग स्वच्छतागृहासमोर रांग लागली आणि रांगेतच दोघातिघांना उलट्या झाल्या. मी जबडा पिशवीत भरत होतो तो तसाच टाकून धावलो. ताई, विनोद बाजूला ठेवून सांगतो, त्या रांगेतले पिवळे पडलेले चेहरे मला अजून दिसतात. मी पेस्टच्या ट्यूबवरची बारीक अक्षरं तेव्हा पहिल्यांदा वाचली. इतकी वर्षं ती ट्यूब माझ्या हातात होती. त्यावर स्पष्ट लिहिलं आहे, गिळू नये.

ट्यूबच्या मागे विषबाधा केंद्राचा फोन नंबर होता, तो लावला. पलीकडे एक डॉक्टरीण होत्या, अगदी शांत आवाजाच्या. कोणती वस्तू, किती गिळली, मुलाचं वजन किती, असं त्या विचारत गेल्या. मी म्हणालो, शाळाभर. त्यांनी प्रश्न पुन्हा विचारला, मी पुन्हा म्हणालो, शाळाभर. मग कुणाच्या देखरेखीखाली हे झालं असं विचारलं, तेव्हा मी माझा हुद्दा सांगितला, आणि त्यांनी तो मला पुन्हा एकदा सांगायला लावला. पण बाई भली. त्यांनी सांगितलं की एका ब्रशवरच्या पेस्टने जीवावर बेतत नाही. त्यातल्या फ्लोराइडने पोटात कळ येते, मळमळतं, क्वचित उलटी होते. मुद्दाम उलटी काढू नका, सगळ्यांना दूध पाजा, दुधातलं कॅल्शियम त्या फ्लोराइडला पोटातच धरून ठेवतं. ज्याने ट्यूबच खाल्ली असेल, किंवा ज्याची उलटी थांबत नसेल, त्याला मात्र ताबडतोब दवाखान्यात आणा. आणि माउथवॉशमध्ये अल्कोहोल असतं, तो मुलांपैकी कुणी प्यायला नाही ना? मी म्हणालो, नाही, तो फक्त शिक्षक प्याले. यावर त्यांनी माझा हुद्दा तिसऱ्यांदा विचारला.

मग मी आणि शिपाई दूध शोधत फिरलो. आसपासच्या एकाही दुकानात त्या दिवशी चहापुरतं दूध उरलं नाही. मग वर्गावर्गात बादल्या घेऊन गेलो, म्हणजे ज्या बादल्या थुंकण्यासाठी आणून ठेवल्या होत्या आणि कोऱ्या राहिल्या होत्या त्याच. मुलं दूध प्यायली, संध्याकाळपर्यंत सगळी उड्या मारायला लागली. दवाखान्यात कुणालाही न्यावं लागलं नाही, हे आधी वाचून घे आणि मगच पुढे रागाव. मोठ्या बाई त्यांच्या खोलीत शांत झोपल्या होत्या. इतक्या वर्षांत त्यांना दुपारी झोपलेलं कुणी पाहिलं नव्हतं, त्यामुळे कुणाची उठवायची छाती झाली नाही.

हे इथवर झालं ते नुसतं फजितीचं. खरी लाज वाटावी अशी गोष्ट पुढेच आहे. चौथीच्या वर्गात दूध वाटताना दोन वेण्यांची एक मुलगी पोट धरून बसली होती. ती म्हणाली, आम्ही थुंकणारच होतो, पण हिने सांगितलं गिळायचं असतं. ही म्हणजे मुंगी. मुंगी खिडकीतून बाहेर बघत होती. ताई, मी घरी सगळे पाठ घोकतो ते या पोरीसमोर. माझं भाषण तिला माझ्याहून चांगलं येतं. थुंकायचं असतं हे त्या सभागृहात कुणाला पक्कं ठाऊक असेल तर तिला. घरी आल्यावर तिला जवळ घेऊन मी विचारलं, तुला माहीत होतं ना?

"माहीत होतं," ती म्हणाली.

"मग का गिळलंस? आणि त्या मुलींना तसं का सांगितलंस?"

"मी थुंकले असते तर तू चुकलास हे सगळ्यांना कळलं असतं."

मी उठून न्हाणीघरात गेलो, दार लावलं, नळ मोठा सोडला आणि बराच वेळ तिथेच उभा राहिलो. तुझी भावजय बाहेरून म्हणाली की पाणी फुकट जातंय. मला शरम वाटली, ताई. शाळेची वाटली, भावोजींची वाटली, पण त्या पोरीची जी वाटली तिला तोड नाही. मोठ्याने लहानाच्या चुकांवर पांघरूण घालायचं, तर इथे तिनेच ते माझ्यावर घातलं, आणि तेही पोट दुखवून घेऊन.

बरं, प्रकरण तिथेच मिटलं असतं तर मी हे पत्र लिहिलंच नसतं, लिहिलं असतं तरी त्यात हवापाण्याच्याच गोष्टी असत्या. पण शुक्रवारपासून पालकांचे फोन सुरू झाले. मुलं घरी पेस्ट गिळतात. थुंक म्हटलं तर म्हणतात, दातवाल्या काकांनी गिळली. एका आजोबांनी नातवाला समजवायचा प्रयत्न केला तर नातवाने त्यांना, तुमच्या वेळेला वेगळं होतं, असं ऐकवलं. एकदा गिळल्याने पोट दुखून थांबतं, पण पहिली-दुसरीतल्या पोरांनी रोज दोन वेळा गिळलं तर हिरड्यांखाली जे कायमचे दात तयार होत असतात त्यांवर पांढरे डाग धरतात, आणि ते घासून जात नाहीत. म्हणजे मी ज्या पोरांचे दात सुधारायला गेलो, त्यांच्या तोंडावर माझी सही जन्मभर राहणार. आणि या सगळ्यांची पुढारी माझ्याच घरात. मुंगी सकाळ-संध्याकाळ शांतपणे गिळते आणि पोटावर हात ठेवून दूध मागते. मी रागावलो, तुझी भावजय रागावली. मुंगीचं म्हणणं एकच, घरी एक आणि शाळेत एक असं मी करणार नाही, मुलींना मी सांगितलंय. आपलेच दात आणि आपलेच ओठ, तक्रार करायची तरी कुणाकडे?

आता सोमवारी मोठ्या बाईंनी (त्या जाग्या झाल्या आहेत) मला पुन्हा बोलावलंय. तेच सभागृह, तीच मुलं. सगळ्यांसमोर नीट करून दाखवायचं, थुंकायचं, आणि चूक झाली म्हणून सांगायचं. साहेबांनी मात्र मला कचेरीत बोलावून तंबी दिली की 'चूक' हा शब्द तोंडातून काढायचा नाही, कंपनीचं नाव आहे. फार तर 'त्या दिवशी चूळ भरायची राहून गेली' असं म्हणायचं. ते स्वतः मागे उभे राहून ऐकणार आहेत. चूक म्हटलं तर नोकरी जाते, नाही म्हटलं तर पोरांचे दात जातात. आणि चूक माझी म्हटलं, तरी 'गिळायचं असतं' असं सांगणारी मुंगी सगळ्या वर्गात खोटी पडते. तिच्यासाठी मला काही सुचलेलं नाही.

असो. बाकी सर्व ठीक. भावोजींना नमस्कार सांग, पण कशासाठी ते सांगू नकोस. हवा बरी आहे. पत्र वाचून झाल्यावर फाडून टाक, आणि फोन केलास तर 'मग?' म्हणू नकोस, एवढं तुझ्या लाडक्या, आणि सध्या तोंड लपवून बसलेल्या, भावासाठी कर.

तुझा
धाकटा

ता. क. खरं काम वर लिहायचं धैर्य झालं नाही ते इथे लिहितो. सोमवारी सकाळी तू येशील का? पहिल्या बसने आलीस तर वेळेत पोचशील. काही बोलायचं नाही, नुसतं पुढच्या रांगेत बसायचं. माझ्या तोंडात फेस झाला आणि मी तुझ्याकडे बघितलं की एकदा मान हलवायची. तुझा नियम आहे, तूच तो मोडायला परवानगी दिलीस तर मला जमेल. चाळिशी ओलांडलेल्या माणसाने बहिणीकडे असली परवानगी मागावी याची लाज वाटते, पण लाजेला सध्या घरात तोटा नाही, तीत आणखी थोडी.

ता. क. दुसरा. ताई, आज सोमवार संध्याकाळ. पत्र पाकिटात घालून, तिकीट लावून, खिशात तसंच राहिलं. पेटीपर्यंत दोनदा गेलो आणि दोनदा परत आलो. त्यामुळे तू आली नाहीस यात तुझी काही चूक नाही, आणि वरची विनंती आता बाद समजावी. पण काय झालं ते कळवतो.

घंगाळ या वेळी रिकामं होतं. साहेब दाराशी उभे. मी बोलायला उभा राहिलो आणि पहिलंच वाक्य, त्या दिवशी चूळ भरायची राहून, इथवर आलं होतं. तेवढ्यात चौथीच्या रांगेत मुंगी दिसली, मान खाली घालून बसलेली. मग मी ते वाक्य सोडून दिलं. म्हणालो, मी चुकलो. थुंकायचं असतं, आणि मी लाजेपोटी गिळलं. ज्या मुलीने तुम्हाला गिळायला सांगितलं तिला खरं काय ते ठाऊक होतं, तिने माझी चूक झाकली, तिचं काही खोटं धरू नका. साहेबांकडे मी बघितलं नाही. मुंगीने मान वर केली.

मग वाटाण्याएवढी पेस्ट, वर, खाली, गोल गोल. सगळ्यांचे गाल फुगलेले, सगळे माझ्याकडे बघताहेत. मी घंगाळावर वाकलो. ताई, नाही झालं. मोठ्या बाई बघत होत्या, मुलं वाट बघत होती, आणि मी नुसता वाकून उभा. तेवढ्यात मुंगी उठली. रांगेतून वाट काढत बाजूच्या पायऱ्यांनी वर आली, माझ्या शेजारी उभी राहिली, घंगाळावर वाकली आणि सगळ्या शाळेसमोर, मोठ्या बाईंसमोर, व्यवस्थित थुंकली. चूळ भरली, तोंड पुसलं. खाली बादल्यांवर एकच गर्दी उडाली. सगळे थुंकले, पहिलीतलं ते पोट धरणारं पोरसुद्धा.

ते बघून मला भरून आलं. आता भरून आलं की माणूस काय करतो, तुला माहीत आहे. मी आवंढा गिळला. त्याच्याबरोबर तोंडातलं सगळं गेलं.

मुंगीने माझ्या गळ्याकडे बघितलं. तिला कळलं. मग ती सभागृहाकडे वळून म्हणाली, "हे माझे बाबा आहेत. घासायचं यांच्याकडे बघून. थुंकायचं माझ्याकडे बघून." मी तिच्या मागे मान खाली घालून उभा होतो, ताई, आणि लाजेने मेल्यासारखं झालं असतानाही मला इतकं बरं वाटत होतं की मी ते तुला लिहूनही दाखवू शकत नाही.